उन्हाला वळवणारी माणसं

अजिंठ्याच्या लेण्यांत दिवे नव्हते, तेव्हा गाइड मंडळींची एक युक्ती होती. दारात एकानं आरसा नाहीतर पांढरं कापड धरायचं आणि कवडसा आत भिंतीवर सोडायचा. पहिल्या लेण्यातला पद्मपाणी कितीतरी लोकांनी पाहिला, तो अशा उसन्या उजेडात.

हीच युक्ती मुंबईच्या स्टुडिओतही चालली. 'कागज के फूल', १९५९. भारतातला पहिला सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याचा, चित्रपट. ओसाड स्टुडिओत वरून उतरणारा प्रकाशाचा झोत हवा होता. छायालेखक व्ही. के. मूर्तींनी दोन मोठे आरसे लावले आणि बाहेरचं ऊन आत घेतलं.

मूर्ती म्हैसूरचे. कॅमेऱ्याचं शिक्षण बंगळुरूला, उमेदवारी मुंबईत फली मिस्त्रींकडे. दिग्दर्शक गुरुदत्तच्या 'बाजी' चित्रपटाच्या सेटवर ते सहायक होते. तिथं एक अवघड शॉट त्यांनी जमवून दाखवला आणि गुरुदत्तनं पुढचा 'जाल' थेट त्यांच्या हाती दिला. फाळके पुरस्कार सुरू झाला १९६९ला. छायालेखकाला तो पहिल्यांदा मिळाला २००८चा, मूर्तींना. चेहरे उजळणाऱ्याची आठवण व्हायला एवढी वर्षं लागावीत?

आता आपल्याकडं या. मे महिना, भर दुपार, बीडकडचं एखादं रान. ऊन डोक्यावर, त्यामुळं नटाच्या डोळ्यांच्या खोबणीत काळोख. त्यात आपली काळी माती. ती उजेड पिऊन टाकते, परत काही देत नाही. मग लाइटवाले वर पांढरं कापड ताणतात, नटाच्या पायाशी थर्माकोलची शीट आडवी करतात, तेव्हा कुठं डोळे दिसतात. ढग आला, की सगळं युनिट आभाळाकडं बघत बसतं.

इथल्या बऱ्याच पोरांचा पहिला कॅमेरा लग्नाचा. त्याला कोणी नाकं मुरडू नयेत. लाल-पिवळ्या मांडवाखाली नवरीचा चेहरा लालभडक होतो. व्हाइट बॅलन्स, म्हणजे कॅमेऱ्यानं पांढरं कशाला मानायचं, हे तिथं अक्षता पडायच्या आत ठरवावं लागतं. रिटेक नाही. पुढं कोणी मुंबईत कॅमेरा अटेंडंट होतो, मग फोकस ओढणारा, म्हणजे शॉट चालू असताना चेहरा स्पष्ट ठेवणारा, मग सहायक. कोणी पदवी घेऊन पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची प्रवेश परीक्षा देतो. तिथं मुलाखतीत विचारलं, 'आजवर काय शूट केलंस?', तर तो लाल मांडव बिनधास्त सांगावा.