नाण्याला कडी लावली की

नमस्कार मंडळी. पत्रिकेवर "प्राचीन सुवर्णालंकार" असा मोठा विषय छापलाय, पण तासाभरात सगळं काही होणार नाही, म्हणून मी आज एकाच दागिन्याचा धागा धरून मागे मागे जाणारे. पुतळ्यांची माळ, म्हणजे नाण्यासारख्या गोल सोन्याच्या चकत्यांची. इथे बसलेल्या बऱ्याच जणींनी घातली असेल, निदान आईच्या नाहीतर सासूच्या गळ्यात तरी बघितली असेल.

माझ्या आजीची एकवीस पुतळ्यांची होती, लाल रेशमात गाठवलेली, मागे गोंडा. मी लहानपणी तिच्या मांडीवर बसून त्या मोजायचे. प्रत्येक पुतळीवर दोन माणसं, एक उभा, एक त्याच्यासमोर गुडघ्यावर, मधे काठीसारखं काहीतरी. आजी म्हणायची हा राम आणि ही सीता. मागच्या बाजूला लांबट गोलात एकटाच माणूस उभा आणि भोवती ठिपके, तो कोण ते मात्र तिला सांगता यायचं नाही. आणि कडेने बारीक बारीक रेघा, मला वाटायचं नक्षी आहे.

ती नक्षी नव्हती, ती अक्षरं होती. लॅटिन अक्षरं, पण ज्याने ठसा कोरला त्याला लॅटिन येत नव्हतं, त्यामुळे त्याने समोरच्या नाण्यावर जसं दिसलं तसं उतरवलं आणि पुढच्याने त्याचं बघून उतरवलं, असं होता होता अक्षरांच्या रेघा झाल्या. मूळ नाणं व्हेनिसचं. डुकाट. १२८४ साली पहिल्यांदा पाडलं, साडेतीन ग्रॅमच्या आसपास वजन, आणि सोनं जवळपास शंभर नंबरी. उभा आहे तो संत मार्क, गुडघ्यावर आहे तो व्हेनिसचा राज्यप्रमुख, ज्याला डोज म्हणायचे, आणि मधली काठी म्हणजे मार्क त्याच्या हातात देतो तो झेंडा. मागचा एकटा माणूस म्हणजे येशू, आणि ठिपके म्हणजे तारे. १७९७ मध्ये नेपोलियनने व्हेनिसचं राज्य बुडवलं तोपर्यंत, म्हणजे पाचशे वर्षं, चित्र तेच राहिलं. चित्र बदललं नाही, कस बदलला नाही, म्हणून मिरी-मसाल्याच्या व्यापारात हे नाणं आपल्या किनाऱ्यावर डोळे झाकून घेतलं जायचं. केरळात याच नाण्याला शाणार काशु म्हणत, कारण तिथल्या लोकांना ती काठी म्हणजे माड वाटला आणि माणूस माडी काढणारा. आपल्याकडे राम-सीता दिसले. मला यात कुणाचं अज्ञान दिसत नाही बरं का. आलेल्या सोन्यावर जे चित्र होतं त्यात आपापल्या घरातलं माणूस शोधलं लोकांनी, आणि मग आपल्या सोनारांनी स्वतःचेच ठसे करून पुतळ्या पाडायला घेतल्या. आजीच्या त्याच.

आता याच्या मागे जाऊया, दीड हजार वर्षं. सातवाहनांचा काळ. पैठण, तेर, जुन्नर, कल्याण. पेरिप्लस नावाचं ग्रीक भाषेतलं एक प्रवासवर्णन आहे, पहिल्या शतकातलं, व्यापाऱ्यांसाठी लिहिलेलं, त्यात पैठण आहे, तेर 'तगर' म्हणून आहे, आणि भडोच बंदरात काय माल उतरतो त्याच्या यादीत सोन्याचांदीची रोमन नाणी आहेत, शिवाय ती इथल्या नाण्यांशी बदलून घेण्यात फायदा आहे असंही लिहिलंय. त्याच शतकात रोममध्ये प्लिनी नावाचा लेखक कुरकुर करतो की भारत दरवर्षी आमचे पाच कोटी सेस्टर्स, म्हणजे रोमन नाणी, ओढून नेतो. आकडा किती नेमका ते सोडून देऊ, पण सोनं येत होतं हे नक्की.

आणि गंमत बघा, सातवाहनांनी शिशाची, तांब्याची, पोटीन नावाच्या मिश्रधातूची, चांदीची नाणी पाडली, सोन्याची पाडली नाहीत. तरी सोन्याचा हिशोब इथे माहीत होता. नाशिकच्या लेण्यात सातवाहनांचा प्रतिस्पर्धी क्षत्रप राजा नहपान याचा जावई उषवदात याचा लेख आहे, त्यात सत्तर हजार कार्षापण (चांदीची नाणी) म्हणजे दोन हजार सुवर्ण (सोन्याची नाणी), एका सुवर्णाला पस्तीस, असा चक्क एक्स्चेंज रेट कोरून ठेवलाय.

मग आलेल्या नाण्यांचं काय झालं? काही वितळवली असणार, काही व्यापारात फिरली असणार. पण काहींचं काय झालं ते नाण्यावरच लिहिलंय, फक्त भिंगातून बघावं लागतं. दक्षिण भारतात सापडलेल्या रोमन सोन्याच्या नाण्यांपैकी कितीतरी नाण्यांना भोकं आहेत, आणि पुष्कळदा एक नाही, दोन, शेजारी शेजारी, बरोबर सम्राटाच्या डोक्याच्या वर. एकाच भोकातून दोरा ओवला तर नाणं गळ्यात फिरतं, उलटं होतं. दोन भोकं पाडली की ते सपाट बसतं आणि चेहरा सरळ राहतो. कुणीतरी हे नाणं हातात धरून, चेहऱ्याची वरची बाजू कोणती ते बघून, विचार करून ती भोकं पाडलीत. मला हे फार आवडतं, कारण तिथे एका कारागिराचा हात दिसतो. नाव नाही, गाव नाही, पण त्याने काय विचार केला ते दोन हजार वर्षांनी आपल्याला कळतंय.

याहून पुढची गोष्ट म्हणजे मातीची. तेरला, तेलंगणात कोंडापूरला, रोमन नाण्यांच्या मातीच्या नकला सापडल्यात. दोन्ही बाजूंनी छाप, वर दोरा ओवायची सोय. म्हणजे फॅशन इतकी होती की ज्यांना सोनं परवडत नव्हतं त्यांनी भाजक्या मातीचं पदक गळ्यात घातलं. आणि आज ते टिकलंय, कारण माती कोणी मोडीत घालत नाही.

इथे मला जरा थांबायचंय. आपण कार्ल्याला जातो, ती दगडातली जोडपी बघतो, कानात केवढी कुंडलं, कमरेला अनेकपदरी मेखला, पायात जाड वाळे. हे सगळं दगडात आहे, पण प्रत्यक्ष सोन्यात त्या काळचं दख्खनमधलं काय उरलंय? फार थोडं. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये एक कर्णभूषणांची जोडी आहे, इ.स.पू. पहिल्या शतकाच्या सुमाराची, बहुधा आंध्रातली. त्यावर पंखवाला सिंह आणि हत्ती आहे, आणि ते प्राणी सोन्याचे बारीक बारीक रवे, तारेचे तुकडे आणि पत्रा जोडून घडवलेत. रवा जोडताना उष्णता जरा जास्त झाली की रवाच वितळतो आणि कमी पडली तर चिकटत नाही, कुठल्याही सोनाराला विचारा. अशा किती जोड्या घडल्या असतील! पण सोनं मोडता येतं. लग्न निघालं, दुष्काळ पडला, राज्य बदललं, की दागिना मुशीत गेला.

आणि दागिना म्हणजे धन, हे आजचं नाही. ऋग्वेदात रुद्राच्या गळ्यात 'निष्क' आहे, सोन्याचा दागिना, आणि त्याच ऋग्वेदात कक्षीवान ऋषी सांगतो की राजाने मला शंभर निष्क दिले, शंभर घोडे दिले. शंभर दागिने एकटा माणूस काय घालणार? ते धन म्हणूनच दिलंय. पाणिनीपर्यंत येईतो निष्कात वस्तूची किंमत सांगायची पद्धत आलेली दिसते. म्हणजे तेव्हा दागिन्याचं चलन झालं, सातवाहन काळात चलनाचा दागिना झाला, आणि पुतळीत परत तेच.

बायकांच्या बाजूने बघितलं तर हे जास्त कळतं. कौटिल्य स्त्रीधनाचे दोन भाग सांगतो, एक वृत्ती म्हणजे पोटापाण्याची रक्कम आणि दुसरं आबन्ध्य म्हणजे अंगावर बांधायचं ते. वृत्तीला दोन हजार पणांची मर्यादा घातलीय, पण म्हणजे तेव्हाचं नाणं. आबन्ध्याला मर्यादाच नाही. ज्या बाईच्या नावावर जमीन नाही, घर नाही, तिच्या गळ्यात जे आहे ते तिचं. माळ गाठवलेली असते याचा अर्थ मला इथे लागतो. अख्खा हार मोडावा लागत नाही, गाठ सोडून दोन पुतळ्या काढता येतात आणि उरलेली माळ पुन्हा गाठवून गळ्यात घालता येते, कोणाला कळतसुद्धा नाही.

आजीने तेच केलं. एकवीसच्या अठरा झाल्या तेव्हा माझ्या वडिलांची फी भरली गेली होती, अठराच्या अकरा कशाने झाल्या ते तिने कधी सांगितलं नाही, आणि आम्हीही विचारलं नाही. दर वेळी ती पटवेकऱ्याकडे जायची आणि पुतळ्यांच्या मधे रेशमाचे मणी जरा जास्त घालून घ्यायची, म्हणजे माळेची लांबी तेवढीच राहायची.

त्यातली एक पुतळी आज बरोबर आणलीय. रामाचा चेहरा पूर्ण झिजलाय, गळ्याला लागून लागून, पण काठी दिसते, आणि कडेच्या त्या रेघा दिसतात. कडीच्या जागी डाक, म्हणजे धातूचा जोड, दोनदा दिलेला आहे, तेही दिसेल. भिंग इथे टेबलावर ठेवते. ज्यांच्या घरी पुतळ्या आहेत त्यांनी आज घरी गेल्यावर बघा कोणाकडे किती अक्षरं शिल्लक आहेत, आणि मोडायच्या असतील तर जरूर मोडा, ज्यासाठी ठेवल्या त्यासाठीच त्या आहेत, फक्त आधी दोन्ही बाजूंचा फोटो काढा आणि वजन लिहून ठेवा. या, पुढे या, काकू तुम्ही आधी बघा.