नऊ सामने, शून्य गुण आणि एक टेलिफोन

नमस्कार श्रोतेहो. आज फुटबॉलबद्दल बोलू या. पण आपल्या शाळेच्या मैदानावरचा फुटबॉल नव्हे. हा अमेरिकेतला, लांबट चेंडू काखोटीला मारून पळायचा.

साल 1938. संघ ड्यूक विद्यापीठाचा, गाव डरहॅम, नॉर्थ कॅरोलायना राज्य. प्रशिक्षक वॉलेस वेड. या पोरांनी नियमित हंगामात नऊ सामने खेळले, नऊच्या नऊ जिंकले. आणि समोरच्या नऊ संघांना मिळून गुण किती दिले? शून्य. पुन्हा सांगतो, नऊ सामने, शून्य गुण. स्वतः तरी धो धो गुण करत होते का? छे. कोलगेटविरुद्ध 7-0, जॉर्जिया टेकविरुद्ध 6-0. लोकांनी नाव ठेवलं 'आयर्न ड्यूक्स'.

नियम थोडक्यात. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढं सरकायचं, नाही जमलं तर चेंडू समोरच्याला. समोरच्याच्या गोलरेषेपलीकडच्या पट्ट्यात, म्हणजे एंड झोनमध्ये नेला की टचडाउन, सहा गुण, वर एका जादा गुणाची संधी. लाथ मारून खांबांमधून घातला तर फील्ड गोल, तीन गुण. आणि सरकता येत नाही असं दिसलं, की चेंडू हातातून सोडून, जमिनीला टेकायच्या आत लाथेनं दूर भिरकावायचा. हा पंट. ड्यूकचा सगळा हंगाम या पंटवर उभा होता.

तेव्हा पुष्कळ संघ चौथ्या प्रयत्नाची वाट न बघता तिसऱ्यालाच पंट मारत. कारण साधं आहे. मागं फेकलेला चेंडू पंट मारणाऱ्याच्या हातून निसटला, तर त्यावर झोपायचं. अजून एक प्रयत्न शिल्लक असतो.

ड्यूकचा पंट मारणारा एरिक टिप्टन. हाच पुढं व्यावसायिक बेसबॉल खेळला. 26 नोव्हेंबरला डरहॅममध्ये पिट्सबर्ग विद्यापीठाशी सामना होता आणि बर्फ पडत होता. ओला चेंडू गुळगुळीत होतो. सोडताना टोक जरा कललं, की पायाच्या कडेला लागतो आणि पंधरा यार्डांवर फुस्स. म्हणून तो कमी उंचीवरून, आडवा आणि न फिरवता सोडायचा, पंजा ताणून पायाच्या वरच्या बाजूनं मारायचा. टिप्टननं त्या दिवशी 20 पंट मारले. 20 पैकी 14 पिट्सबर्गच्या गोलरेषेपासून वीस यार्डांच्या आत थांबले किंवा बाजूच्या रेषेबाहेर गेले.

बाजूलाच का? सरळ मारला आणि चेंडू गोलरेषा ओलांडून गेला, तर समोरच्याला वीस यार्डांवरून सुरुवात मिळते. आठ यार्डांवर बाजूनं बाहेर गेला, तर आठवरूनच. बारा यार्ड फुकटात. शिवाय आठवर अडकलेल्या संघाला पंट मारायचा, तर मारणारा दहा-बारा यार्ड मागं, म्हणजे स्वतःच्याच एंड झोनमध्ये उभा राहणार. तिथं पंट अडला, की संपलं. सामन्याचे चार भाग, म्हणजे क्वार्टर असतात. चौथ्या क्वार्टरमध्ये तेच झालं. ड्यूकच्या बोलो पर्ड्यूनं पिट्सबर्गचा पंट अडवला, एंड झोनमध्ये त्यावर झडप घातली, 7-0. (आपल्या कबड्डीतही फोटो छापतात चढाईचा. घोटा धरून चढाईवाल्याला रोखणारा कोपऱ्यातला गडी कुणाच्या लक्षात राहत नाही. असो.)

आता मुख्य गोष्ट. नऊ सामने झाले, शून्य गुण दिले, म्हणून रोझ बोलचं आमंत्रण आलं. हा हंगाम संपल्यावरचा मानाचा सामना, कॅलिफोर्नियातल्या पॅसाडेनात. 2 जानेवारी 1939. समोर सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठ, प्रशिक्षक हॉवर्ड जोन्स. प्रेक्षक नव्वद हजारांच्या घरात. तीन क्वार्टर 0-0. चौथ्यात टोनी रफानं फील्ड गोल मारला, ड्यूक 3-0. दोनेक मिनिटं उरली, सदर्न कॅलिफोर्निया ड्यूकच्या गोलरेषेपासून 34 यार्डांवर.

इथं त्या काळचा एक नियम ध्यानात धरा. एकदा बाहेर गेलेला खेळाडू त्याच क्वार्टरमध्ये परत येत नसे. म्हणून तेच अकरा जण हल्लाही करत, बचावही करत. मिनिटं उरली दोन, म्हणजे ड्यूकचे बचावपटू किती दमले असतील बघा.

त्या दिवसांत संघाचे काही सहायक प्रशिक्षक वर पत्रकारांच्या कक्षात बसत. उंचावरून मैदान नीट दिसतं, तिथून टेलिफोननं खाली बाकावर सूचना येत. सदर्न कॅलिफोर्नियाच्या बाकावर फोन धरून बसला होता जो विलेन्स्की, सहायकांमधला एक. शेवटची मिनिटं म्हणून वरची मंडळी उठली आणि जिने उतरून मैदानाकडं निघाली. म्हणजे फोनच्या त्या टोकाला कुणीच नाही! विलेन्स्कीला ते कळलं. त्याच्या मनात एक नाव होतं, डॉइल नेव्ह. क्वार्टरबॅकांच्या, म्हणजे हल्ला चालवून पास फेकणाऱ्यांच्या रांगेत चौथ्या नंबरचा पोरगा, हंगामभर जवळजवळ बाकावरच. पण पास अचूक फेकायचा, आणि पास झेलणाऱ्या अल क्रूगरशी त्याचं जमायचं.

विलेन्स्कीनं रिसीव्हर कानाला लावला आणि मुक्या फोनशी बोलायला लागला. हो, हो, समजलं, लगेच सांगतो, अशा थाटात. मग वळून बाकावरच्या प्रशिक्षकांना सांगितलं, वरून निरोप आहे, नेव्हला पाठवा, क्रूगरला पास द्या. वरचा निरोप म्हटल्यावर कोण फाटे फोडतंय? (कुठल्याही कचेरीत बघा, तीच बात शिपाई सांगतो तेव्हा वेगळी आणि 'साहेबांचा फोन आलाय' म्हटलं की वेगळी.)

नेव्ह गेला. पहिला पास क्रूगरला. दुसरा क्रूगरला. तिसराही क्रूगरलाच, पण तिथं ड्यूकनं त्याला मागं रेटलं, यार्ड गमावले. दुसरा कुणी असता तर बेत बदलला असता. नेव्हनं चौथाही क्रूगरलाच टाकला, थेट एंड झोनमध्ये. चार पास, चारही क्रूगरला. घड्याळात चाळीस-एक सेकंद उरले होते. जादा गुणही आला. सदर्न कॅलिफोर्निया 7, ड्यूक 3.

फोनची भानगड बाहेर आली ती नंतर. नऊ सामने शून्य गुण देणाऱ्या ड्यूकवर त्या हंगामात झालेले सात गुण, ते एवढेच.