गर्दी आणि गव्हाण

(दारव्हा तालुक्यातील एका गावच्या वाचनालयात दिलेले व्याख्यान, संपादित)

श्रोतेहो, कोठ्यात चार ढोरांपुढे ढेपेचे एकच टोपले ठेवले की काय होते, हे आपण रोज पाहता. मारकी गाय शिंगे रोखून उभी राहते आणि गाभण कालवड मागच्या मागे सरते. तीच ढेप लांब गव्हाणीत पसरून घातली, तर ढोरे तेवढीच आणि कोठाही तेवढाच, पण ढुशा बऱ्याच थांबतात. आजचा विषय उंदरांचा असला तरी ही गव्हाण डोळ्यांपुढे असू द्यावी.

अमेरिकेतील संशोधक जॉन कॅल्हून यांनी १९६२ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात एका खोलीचे ओळीने चार कप्पे केले होते. ४८ उंदरांना पुरेल अशा जागेत त्यांनी ८० राहू दिले. कडेच्या कप्प्यांत शिरायला एकच वाट होती, त्यामुळे एखादा दांडगा नर तिच्या पायथ्याशीच झोपे आणि इतर नरांना हुसकावून लावी. तिथली सुमारे निम्मी पिले जगत. मधल्या कप्प्यांना दोन-दोन वाटा असल्याने तिथे असा बंदोबस्त जमत नसे. माद्या घरटे अर्धवट सोडत आणि पिलू तोंडात धरून निघाल्या, तर वाटेतच टाकून देत. सर्वांत बिघडलेल्या गटांत शंभरातली ९६ पिले दगावली.

या बिघाडात खाद्याचाही हात होता, आणि मला तोच भाग सर्वांत मोलाचा वाटतो. कडक गोळ्या जाळीमागे ठेवलेल्या असत. त्या कुरतडायला वेळ लागे, तेवढ्यात शेजारी दुसरा उंदीर येई आणि पुढेपुढे शेजारी कोणी असल्याखेरीज खाणेच नको अशी सवय जडे. अखेर ८० पैकी ६० उंदीर एकाच कप्प्यात दाटीवाटीने खाऊ लागले. कॅल्हून यांचे गाजलेले ‘बिहेव्हियरल सिंक’, म्हणजे दाटीने वागणूक बिघडवणारी जागा, ते हेच. नंतरच्या फेरीत भुकटीचे खाद्य दिले, ते चटकन खाऊन होई, आणि तशी दाटी झाली नाही. पिलांची मरतूक मात्र शंभरात ८० राहिलीच. म्हणजे गव्हाण बदलून सगळे सुटते, असे नाही.

१९६८ साली त्यांनी लहान जातीच्या उंदरांच्या चार जोड्या एका हौदासारख्या बंदिस्त जागेत सोडल्या. ३८४० उंदरांची सोय असताना संख्या २२००च्या आसपास थांबली आणि पुढे सगळी वसाहत संपली. यावरून शहरांचे भविष्य सांगणारे पुष्कळ भेटतात. मला ती घाई वाटते. या जागेत मांजर नव्हते, आणि वाढलेल्या तरण्या नरांना बाहेर पडायला वाटही नव्हती.

शिवाय दाटी झाली की सगळेच बिघडते, असेही नाही. नेदरलँड्समधील आर्नहेमच्या प्राणिसंग्रहालयातले चिंपांझी हिवाळ्यात उन्हाळी जागेच्या विसाव्या हिश्शात राहत. त्यांच्या कुरबुरी थोड्या वाढल्या खऱ्या, पण एकमेकांचे केस निवडणे आणि वरचढापुढे नमते घेणेही वाढले.