पुन्हा आलेला अल्बम

श्रोतेहो, नमस्कार.

गाजलेला अल्बम वर्ष सरायच्या आत दोन-चार गाणी वाढवून पुन्हा बाजारात आणायचा, ही रेकॉर्ड कंपन्यांची जुनी खोड. त्यामुळे लाना डेल रे या अमेरिकी गायिकेच्या 'बॉर्न टू डाय'ची 'पॅराडाइज एडिशन' नोव्हेंबर 2012मध्ये आली, तेव्हा नाक मुरडायला जागा होतीच. मूळ अल्बम त्याच वर्षी जानेवारीअखेरचा! पण इथे नवी गाणी चक्क आठ, आणि ती 'पॅराडाइज' नावानं वेगळीही विकत मिळत होती. म्हणजे आधीच्या ग्राहकाला फसवलं, असं काही म्हणता येणार नाही.

त्या जानेवारीत मात्र वातावरण गढूळ होतं. 2011च्या 'व्हिडिओ गेम्स' या गाण्यानं तिला प्रसिद्धी दिली होती. पुढे 'सॅटर्डे नाइट लाइव्ह' या टीव्ही कार्यक्रमात ती अवघडल्यासारखी गायली आणि टीकाकार तुटून पडले. खरं नाव एलिझाबेथ ग्रँट, मग ही लाना कोण? ही उदासीसुद्धा कंपनीनं शिवून दिलेली, असा एकूण सूर.

या आरोपावरचं उत्तर मला 'यायो'मध्ये सापडतं. नव्या आठांतलं हे गाणं मुळात जुनंच. तिच्या 2010च्या अल्बममध्ये ते होतं, पण तो अल्बम लवकरच विक्रीतून काढून घेतला गेला. म्हणजे कुणी ओळखत नव्हतं तेव्हाही ती हेच गात होती. नाव बदललं असेल, दुखणं तिचंच होतं.

'ब्लू वेल्व्हेट' मात्र मला फारसं भिडत नाही. टोनी बेनेट यांनी 1951मध्ये आणि बॉबी व्हिंटन यांनी 1963मध्ये लोकप्रिय केलेलं हे गीत तिनं एका कपड्यांच्या ब्रँडच्या जाहिरातीसाठी गायलं, आणि ते जाहिरातीइतकंच गुळगुळीत वाटतं. 'बॉडी इलेक्ट्रिक' हे शीर्षक वॉल्ट व्हिटमन यांच्या कवितेतून आलंय. तिथे ती अधिक मोकळी आहे.

पण खरी कमाई 'राइड'ची. निर्माता रिक रूबिन. या गाण्याच्या व्हिडिओला जोडलेलं लांबलचक स्वगत मला जरा जास्तच वाटतं, गाण्याला त्याची गरज नाही. 'बॉर्न टू डाय'मध्ये हिप-हॉपचा ठेका आणि व्हायोलिनांचा ताफा यांत कधीकधी तिचा आवाज दबतो. इथे तो पुढे येतो, खालच्या पट्टीतला, किंचित खरखरीत.

'पॅराडाइज'ला पुढे ग्रॅमीचं नामांकनही मिळालं. ऐकूया, 'राइड'.