परवा

(दृश्य: गंगावेशीतला दूध कट्टा. अजून झुंजूमुंजू. पितळी भांड्यात पडणाऱ्या धारेचा आवाज.)

म्हशीची धार गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत काढून द्यायची, ही कोल्हापूरच्या दूध कट्ट्याची रीत. आबा रोज येतात. पेला रिकामा करतात, मिशीवरचा फेस पुसतात, म्हशीच्या पाठीवर थाप मारतात आणि पेला पुन्हा पुढं करतात.

"आबा, आत्ताच प्यालासा की."

"प्यालोय की. पर ते आजचं व्हय?"

गवळी हसत नाही. अर्धा पेला भरून देतो.

आबांचा आजार कुठल्याही डॉक्टरला सापडणार नाही, कारण तो आम्ही रचलाय. आबाही रचलेलेच. आजाराला आम्ही नाव दिलं कालविच्छेद. पेठेतली माणसं एवढा लांबलचक शब्द कशाला वापरतील? ती म्हणतात, आबांची तारीख सुटलीय. मेंदूबद्दल आणि या गावाबद्दल पुढं जे येईल ते मात्र खरं आहे.

हा विसरभोळेपणा नव्हे. आबांना सगळं आठवतं. शाहू मिलमधली मागावरची नोकरी, पाळीचा भोंगा, कापसाची तूस बसलेल्या पापण्या. मिल सुरू झाली १९०६ साली आणि बंद पडली २००३ साली, या दोन्ही तारखा त्यांना तोंडपाठ. फक्त या दोन आकड्यांमधलं पहिलं कुठलं आणि नंतरचं कुठलं, हे त्यांना कळत नाही. सगळे दिवस एकाच अंतरावर उभे. लग्न, मुलाचं बारसं, सकाळचा चहा.

घरात हे लवकर कुणाच्या ध्यानात आलं नाही. त्याला आपली मराठी कारण. 'परवा' हा आपला शब्द दोन्हीकडं चालतो, मागच्या दिवसालाही आणि पुढच्याही. आपण क्रियापदावरून ओळखतो. आबा म्हणायचे, "परवा पूर." सूनबाईंना वाटायचं, आठवण काढतायत. मग मेच्या उन्हात एक दिवस ते म्हणाले, "परवा पूर येणार हाय, पोती माळ्यावर टाका." आणि त्याच दमात, "परवा तुमची अत्ती आल्ती." अत्तींना, म्हणजे सूनबाईंच्या सासूबाईंना, जाऊन नऊ वर्षं झालीत.

सूनबाई म्हणाल्या, "मामा, जेवून घ्या." दुसरं काय बोलणार?

(दृश्य: स्वयंपाकघरातलं भिंतीवरचं कॅलेंडर, अगदी जवळून.)

हे कॅलेंडर बघा. प्रत्येक चौकोनात पेन्सिलीनं 'अर्धा' लिहिलंय, म्हणजे त्या दिवशीचं रतिबाचं अर्धा लिटर दूध. कट्ट्यावर पेलाभर पिऊन आले तरी घरचा रतीब चालूच, कोल्हापुरात हे विचारायचं नसतं. आम्ही शूटिंग केलं तो दिवस ११ तारखेचा. चौकोन ३० तारखेपर्यंत भरलेत. अक्षर आबांचं. एकही चूक नाही, रेघसुद्धा वाकडी नाही. त्यांच्या लेखी सगळं दूध येऊन गेलंय.

मग पहाटे चारला त्यांना जाग कशी येते? बाराला भूक कशी लागते? ते घड्याळ निराळं. दोन्ही डोळ्यांच्या नसा मेंदूत जिथं एकमेकींना ओलांडतात, त्याच्या जरा वर पेशींचे दोन बारीक पुंजके आहेत. उजेड-अंधाराची खबर तिथं पोचते आणि शरीराचा दिवस लागतो. या घड्याळाला पहाट कळते. पहाट कुठल्या दिवसाची, हे त्याच्या हातात नाही.

१९६२ साली मिशेल सिफ्र हा फ्रेंच तरुण घड्याळ न घेता एका गुहेत दोन महिने राहिला. तो झोपायचा-उठायचा जवळजवळ चोवीस तासांच्याच हिशेबानं. पण बाहेर आला तेव्हा १४ सप्टेंबर होता आणि त्याच्या वहीत २० ऑगस्ट. शरीर बरोबर, मोजणी पंचवीस दिवसांनी चुकलेली. आबांशी त्याची गाठ पडायला हवी होती, बरं जमलं असतं.

दिवसांची माळ ओवायला कानामागं, मेंदूत खोलवर असलेला हिप्पोकॅम्पस लागतो. अमेरिकेत हेन्री मोलायसनच्या मेंदूतून १९५३ साली, फिट्स थांबाव्यात म्हणून, दोन्ही बाजूंचा बराचसा हिप्पोकॅम्पस काढला. त्यानंतर त्याच्या आठवणीत नवा दिवस टिकेना. २००८ साली तो वारला, तोवर हेच चाललं. त्याच्या माळेत नवे मणी येईनात. आबांचे मणी सगळे शाबूत, दोराच तुटलाय.

(दृश्य: जुलै. पंचगंगा घाट. पाऊस थांबलाय.)

जुलैत मात्र आबा आणि बाकीचं कोल्हापूर यांत फार फरक उरत नाही. सगळ्यांच्या तोंडी एकच प्रश्न, पाणी कुठंवर आलं? राजाराम बंधाऱ्यावर ३९ फुटांला इशारा, ४३ फुटांला धोका, हे इथं शाळकरी पोरालाही पाठ असतं. तारीख कुणी विचारत नाही, फूट विचारतात. २०१९ आणि २०२१ या दोन्ही वर्षी पाणी ५५ फुटांच्या वर गेलं होतं. आबा त्या दोन्ही पुरांना एकच पूर समजतात. खरं सांगायचं तर पेठेतले धडधाकट लोकही ते दोन पूर गप्पांत एकमेकांत मिसळतात.

नातू त्यांना घाटावर आणतो. "अठ्ठावीस फूट हाय, आबा."

"वाढायलंय का उतरायलंय?"

नातू मोबाइल काढतो. आबा थांबत नाहीत. काठी टेकत दोन पायऱ्या खाली जातात, वाकतात. पाण्याच्या वरची पायरी कोरडी नाही. दगडावर गाळाचा पातळ लेप आहे, तळव्याएवढ्या उंचीपर्यंत ओल आहे, आणि ओलीच्या वरच्या कडेला काडीकचऱ्याची एक बारीक रेघ अडकून राहिलीय. आबा त्या रेघेवर बोट ठेवतात, मग बोट हळूहळू पाण्यापर्यंत खाली आणतात.

"हितं हुतं," ते म्हणतात. "आता हितं हाय."

नातवाच्या मोबाइलवर आकडा अजून उघडतोय.

"उतरायलंय."