व्यवसाय : घरकाम

मंडळी, रस्त्यावरच्या अपघातात घरचं कुणी गेलं आणि दहावं-तेरावं आटोपलं की माणसं माझ्याकडे येतात. सोबत कुणीतरी मामा किंवा चुलतभाऊ असतो, तोच बोलतो. जिचा नवरा गेला ती बाई मागच्या खुर्चीत गप्प. मामांचा पहिला प्रश्न ठरलेला: "वकीलसाहेब, किती मिळतील?" मी म्हणतो, आधी तो कमवायचा किती ते सांगा. मग सगळे एकमेकांकडे बघतात.

क्लेमची, म्हणजे अपघाताच्या नुकसानभरपाईची केस चालते आकड्यांवर. समजा, बत्तीस वर्षांचा गवंडी होता. घरी बायको, दोन पोरं आणि म्हातारी आई. महिन्याला १५,००० मिळायचे, म्हणजे वर्षाचे १,८०,०००. चाळिशीच्या आतला, स्वतःच्या धंद्यातला माणूस पुढं जास्त कमावला असता म्हणून ४० टक्के वाढवायचे. हे सर्वोच्च न्यायालयानं २०१७ साली प्रणय सेठी खटल्यात ठरवून दिलं. झाले २,५२,०००. तो स्वतःवर काही खर्च करायचाच. मागं चार जण असतील तर त्यापोटी चौथा हिस्सा वजा. उरले १,८९,०००. आता वयाचा गुणक, म्हणजे वय बघून ही वर्षाची रक्कम कितीनं गुणायची तो आकडा. २००९ च्या सरला वर्मा निकालातला तक्ता आहे, ३१ ते ३५ वयाला १६. गुणाकार करा: ३० लाख २४ हजार. शिवाय अंत्यविधी, सहवासाची हानी वगैरे ठरावीक रकमा आणि अर्ज केल्यापासूनचं व्याज.

आता हाच गवंडी घ्या, पण मजुरीचा एक कागद नाही. मुकादम साक्षीला येत नाही. न्यायाधिकरणानं, म्हणजे भरपाई ठरवणाऱ्या कोर्टानं, अंदाजानं महिना ८,००० धरले, तर आकडा येतो १६ लाख १२ हजार ८००. माणूस तोच, पोरं तीच. म्हणून कामाचे हिशोब, बँकेचं पासबुक, अगदी मुकादमाची खिशातली वहीसुद्धा सांभाळून ठेवा.

वयाचंही तसंच. रोहतकच्या एका प्रकरणात मृताच्या आधारवर जन्मसाल १९६९ होतं आणि शाळा सोडल्याच्या दाखल्यावर १९७०. उच्च न्यायालयानं आधार पाहून गुणक १३ लावला. २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं दाखला ग्राह्य धरला आणि १४ लावला. आपल्याकडे आधारवर कितीतरी जणांची जन्मतारीख १ जानेवारी असते, ती कशी पडली हे तुम्हाला ठाऊक आहेच.

पण मी आज मुद्दाम आलो आहे तो बाईच्या मृत्यूबद्दल बोलायला. बाई गेली की घरचे लोक केस करायचीच म्हणत नाहीत. मागं एक गृहस्थ आले होते, बायकोला ट्रकनं उडवलेलं. विचारलं, त्या काय करायच्या? "काही नाही, घरीच असायची." घरी काय काय आहे? तीन म्हशी. धारा कोण काढतं? गृहस्थ थांबले. शेजारी बसलेली त्यांची पोरगी म्हणाली, "आईच काढायची." वैरण, शेण, डेअरीत दूध घालणं, सगळं आईच. आणि डेअरीचं खातं? वडलांच्या नावावर.

कायद्यालाही हे उमगायला वेळ लागला. जमशेदपूरच्या आगीच्या प्रकरणात २००१ साली गृहिणीच्या कामाचं मोल महिना ३,००० धरलं गेलं, तेव्हा तेही मोठं वाटलं होतं. जानेवारी २०२१ च्या कीर्ती खटल्यात न्यायालयानं जनगणनेचे आकडेच मांडले: घरकाम हाच मुख्य व्यवसाय सांगणाऱ्या बायका जवळपास १६ कोटी, पुरुष ५८ लाखांच्या आत. गृहिणीचं उत्पन्न अंदाजानं धरलं तरी त्यावर भविष्यातली वाढ द्यायची, हेही तिथं स्पष्ट झालं. त्यामुळं अर्जात 'व्यवसाय : घरकाम' एवढंच लिहून थांबू नका. म्हशी, शिवणकाम, सुगीतली मजुरी, सगळं लिहा आणि दूध मोजून घेणाऱ्याला साक्षीला आणा.

थोडं घाईनं दोन गोष्टी. गाडी धडक देऊन पळाली, नंबर मिळाला नाही, तरी १ एप्रिल २०२२ पासून मृत्यूला २ लाख मिळतात. अर्ज प्रांत किंवा तहसील कार्यालयात करायचा. आणि गाडी सापडली असेल तर अपघातापासून सहा महिन्यांच्या आत केस दाखल करा. या मुदतीवरून कोर्टात वाद झालेत, पण त्या भरवशावर कुणी राहू नये. ट्रॉलीत, टेम्पोत वऱ्हाड भरून नेता, त्याबद्दल काय बोलू? मालवाहू गाडीत फुकट बसलेल्याची जबाबदारी विमा कंपनीवर येत नाही आणि मालकाकडून वसूल करायचं तर त्याच्याकडे असतं काय?

शेवटचं, निकाल लागल्यानंतरचं. पोरांच्या वाट्याची रक्कम सहसा ती सज्ञान होईपर्यंत बँकेत ठेवीत राहते, ते बरंच आहे. भांडण होतं बायकोच्या वाट्यावरून. तिनं दुसरं लग्न केलं तर? मुंबई उच्च न्यायालयात विमा कंपनीनं हाच मुद्दा काढला होता. नवरा गेला तेव्हा ती बाई एकोणीस वर्षांची होती. न्यायालयानं २०२३ मध्ये सांगितलं की भरपाई मिळावी म्हणून तिनं जन्मभर किंवा पैसे हाती येईपर्यंत विधवाच राहावं, अशी अपेक्षा करता येत नाही. हे मी ऑफिसात जरा मोठ्यानं सांगतो, मागच्या खुर्चीपर्यंत पोचेल असं. मामांचा चेहरा तेव्हा बघण्यासारखा असतो.