वॉर्साचे सांधे: एका पायी फेरीविषयी

अध्यक्ष महोदय आणि श्रोतेहो,

काही वर्षांपूर्वी पोलंडची राजधानी वॉर्सा इथे मी एका पायी फेरीत सामील झाले होते. सकाळी साडेदहाला निघालेली ती फेरी दुपारी दोनच्या सुमारास संपली आणि तेवढ्या वेळात आम्ही जेमतेम तीन किलोमीटर चाललो. आज मी त्या फेरीविषयी बोलणार आहे. जिथे डोळ्यांना दिसणारी जवळजवळ प्रत्येक वस्तू स्वतःच्या वयाविषयी फसवी साक्ष देते, अशा शहरात वाटाड्याचे काम काय असते, हे मला त्या दिवशी समजले. शिवाय त्या वाटेवर एक दगड असा आहे की ज्याच्याविषयी बोलायचे तर ते कोल्हापुरातच बोलायला हवे.

युरोपातल्या बहुतेक राजधान्यांत अशा फेऱ्या रोज निघतात. ठरलेल्या चौकात ठरलेल्या वेळी कोणीतरी रंगीत छत्री घेऊन उभे असते, पंधरा-वीस जण गोळा झाले की चालायला सुरुवात होते आणि शेवटी ज्याला जे वाटेल ते त्याने द्यावे, अशी अनेक ठिकाणी रीत आहे. आमच्या मार्गदर्शक बाई पन्नाशीच्या होत्या. छत्रीखेरीज त्यांच्या हातात जुन्या छायाचित्रांची एक जाड फाइल होती. प्रत्येक थांब्यावर त्या आधी विचारायच्या, "ही इमारत किती वर्षांची असेल?" आम्ही तीनशे, चारशे असे अंदाज सांगायचो. मग त्या 1945 साली नेमक्या त्याच जागेवरून घेतलेले छायाचित्र काढून समोर धरायच्या. त्यात इमारतीच्या जागी विटांचा ढीग दिसायचा.

फेरीची सुरुवात राजवाड्यासमोरच्या चौकात झाली. चौकाच्या मधोमध तिसऱ्या झिग्मुंट राजाचा उंच स्तंभ आहे. क्राकूवहून दरबार वॉर्साला आणणारा तो हा राजा. त्याच्या मुलाने 1644 मध्ये हा स्तंभ उभारला. सगळे जण मान वर करून राजाच्या पुतळ्याचे छायाचित्र घेत असताना बाईंनी आम्हाला राजवाड्याच्या भिंतीलगत नेले. तिथे दोन तुटलेले दगडी खांब आडवे पडलेले आहेत. एक 1644 चा मूळ खांब, दुसरा 1887 मध्ये त्याच्या जागी बसवलेला ग्रॅनाइटचा. सप्टेंबर 1944 मध्ये जर्मन सैन्याने स्तंभ पाडला. खाली आलेला पुतळा दुरुस्त होऊन 1949 मध्ये नव्या खांबावर चढला. म्हणजे वरचा राजा जुना आणि त्याच्या पायाखालचा खांब तिसरा. बाईंनी आम्हाला आधी हे पडलेले खांब दाखवले आणि मगच वर पाहायला सांगितले. हा क्रम फार विचारपूर्वक ठरवलेला होता, असे मला वाटते.

राजवाड्याचीही तीच कथा, फक्त अधिक लांब आणि अधिक क्लेशाची. 3 मे 1791 रोजी पोलंडची लिखित राज्यघटना इथे मंजूर झाली. युरोपातली ती अशी पहिली राज्यघटना मानली जाते. 17 सप्टेंबर 1939 रोजी बाँबहल्ल्यात राजवाडा पेटला आणि मनोऱ्यावरचे घड्याळ सव्वाअकराला थांबले. आग लागलेली असतानाच वस्तुसंग्रहालयातली माणसे आत शिरून चित्रे, चौकटी, कोरीव दगड बाहेर काढत होती. जर्मनांनी भिंतींत सुरुंगांसाठी हजारो भोके पाडून ठेवली आणि 1944 च्या शरदात उरलेला सांगाडा उडवून दिला. त्यानंतर जवळजवळ तीस वर्षे तिथे मोकळी जागा होती. 1971 मध्ये पुनर्बांधणी सुरू झाली ती लोकांच्या देणग्यांवर. 1974 मध्ये घड्याळ पुन्हा चालू केले तेही बरोबर सव्वाअकराला. आगीतून वाचवलेले तुकडे नव्या भिंतींत आपापल्या जागी बसवलेले आहेत, आणि लक्ष देऊन पाहिले तर जुन्या दगडाचा काळपटपणा नव्या दगडाशेजारी ओळखू येतो. बाई या जागांना पोलिश भाषेत जो शब्द वापरत होत्या, त्याला मी मनाशी मराठीत "सांधा" म्हटले.

आता मूळ प्रश्न असा, की जे जमीनदोस्त झाले ते पुन्हा कशावरून बांधले? इथे मी थोडी रेंगाळणार आहे, कारण वॉर्साच्या गोष्टीतला सर्वांत विलक्षण भाग हाच आहे. युद्धापूर्वी वॉर्साच्या तंत्रविद्यापीठात वास्तुशास्त्राचे प्राध्यापक आणि विद्यार्थी जुन्या घरांची मोजमापे घेऊन नकाशे काढत असत. ते काम अभ्यासाचा भाग म्हणून चालले होते. जर्मन राजवटीत ते चोरून चालू राहिले आणि 1944 च्या जर्मनांविरुद्धच्या उठावानंतर नकाशांचा मोठा साठा शहराबाहेर काढून पिओत्रकूव गावातल्या एका मठात लपवण्यात आला. जानेवारी 1945 मध्ये शहर मोकळे झाले तेव्हा नदीच्या डाव्या तीरावरच्या सुमारे 85 टक्के इमारती नष्ट झाल्या होत्या. राजधानी दुसरीकडे हलवावी असाही विचार तेव्हा बोलला गेला. तरीही फेब्रुवारीतच राजधानी पुनर्बांधणी कार्यालय स्थापन झाले आणि तिथल्या स्मारक विभागाचे काम यान झाख्वातोविच या वास्तुशास्त्रज्ञाकडे आले.

नकाशांखेरीज दुसरा आधार होता तो चित्रांचा. बेर्नार्दो बेलोत्तो हा व्हेनिसचा चित्रकार 1767 मध्ये वॉर्साला आला आणि 1780 मध्ये मरण येईपर्यंत राजा स्तानिस्वाव ऑगुस्तच्या दरबारी राहिला. त्याने रंगवलेली शहराची 22 दृश्ये आज राजवाड्यातल्या एका दालनात आहेत. खिडक्यांच्या चौकटी, छपरांचे उतार, दुकानांच्या पायऱ्या इतक्या बारकाईने त्याने रंगवल्या, की पावणेदोनशे वर्षांनी गवंड्यांना त्यांचा उपयोग झाला. अर्थात चित्रकार चित्रकारच असतो. रचनेच्या सोयीसाठी त्याने काही इमारतींत फेरफार केले होते, आणि काही ठिकाणी पुनर्बांधणी करणाऱ्यांनी प्रत्यक्षाऐवजी चित्राचे अनुकरण केले. म्हणजे तिथल्या एखाद्या रस्त्यावर आज जी भिंत उभी आहे, ती युद्धापूर्वी तशी कधीच नव्हती, फक्त कॅनव्हासवर होती.

जुन्या शहरातला बाजारचौक 22 जुलै 1953 रोजी खुला झाला आणि 1980 मध्ये युनेस्कोने जुन्या शहराचा समावेश जागतिक वारशाच्या यादीत केला. त्या चौकातून बाईंनी आम्हाला घरांच्या मागच्या बाजूला नेले, तेव्हा कळले की पूर्वी तिथे दाटीवाटीने असलेल्या मागच्या खोल्या आणि अंधारी आवारे पुन्हा बांधलीच नाहीत. त्या जागी उजेड आणि झाडे आहेत. समोरून सतरावे-अठरावे शतक, आत विसाव्या शतकातल्या सोयी. सेंट जॉनच्या कॅथेड्रलचा दर्शनी भाग एकोणिसाव्या शतकातल्या रूपात न बांधता, मध्ययुगात तो कसा असावा याचा विचार करून झाख्वातोविचने आखला. तटाबाहेरचा बार्बिकन बुरूज तर युद्धाआधीच बहुतांशी पडलेला होता. तो पन्नाशीच्या दशकात उभा राहिला, आणि त्यासाठी विटा पश्चिमेकडच्या दुसऱ्या शहरांतल्या जुन्या पडक्या इमारतींमधून आल्या. व्रोत्स्वाव्हसारख्या, युद्धापूर्वी जर्मनीत असलेल्या शहरांतून वॉर्सासाठी विटा नेल्या गेल्या, आणि ती शहरे स्वतःच्या पडझडीसह वाट पाहत राहिली.

हे सगळे ऐकून आमच्यातल्या एका प्रवाशाने विचारले, "मग हे खोटेच ना?" मला हा प्रश्न रास्त वाटतो, पण त्याचे "होय" हे उत्तर मला मान्य नाही. मोडकळीस आलेली वास्तू आहे तशी जपावी, नव्याने उभारू नये, हे तत्त्व झाख्वातोविचला पुरते ठाऊक होते आणि त्याने ते जाणूनबुजून बाजूला ठेवले, कारण इथे काळाने किंवा निष्काळजीपणाने काही पडलेले नव्हते; एका राष्ट्राची आठवण पुसावी या हेतूने शहर घर मोजून, रस्ता मोजून उडवलेले होते. खोटेपणा शिरतो तो हे न सांगितल्यावर. कॅथेड्रलच्या बाहेरच्या भिंतीत जर्मनांच्या चालत्या सुरुंगाच्या लोखंडी पट्ट्याचा तुकडा मुद्दाम बसवलेला आहे. ज्यांनी भिंत नव्याने बांधली त्यांनीच तो तिथे ठेवला. नवी भिंत स्वतःहून आपले वय सांगते, ती अशी.

इथून पुढे फेरीतले बोलणे कमी झाले. तटाच्या भिंतीलगत एका लहान मुलाचा पुतळा आहे. डोक्यावर कानांपर्यंत उतरलेले मोठ्या माणसाचे शिरस्त्राण, हातात बंदूक. 1 ऑगस्ट 1944 रोजी संध्याकाळी पाच वाजता सुरू झालेला वॉर्साचा उठाव 63 दिवस चालला आणि त्यात दीड ते दोन लाख नागरिक मारले गेले. परदेशी पाहुण्यांचा नेहमी गोंधळ होतो, म्हणून बाईंनी इथेच स्पष्ट केले, की एप्रिल 1943 मधला ज्यू वस्तीतला उठाव वेगळा आणि हा वेगळा. या उठावात मुलांनी प्रामुख्याने निरोप्यांचे आणि टपाल पोचवण्याचे काम केले. स्काउट मुलांनी चालवलेली टपालसेवाच होती. मुलाच्या हाती बंदूक देणारा पुतळा असावा का, यावर खुद्द वॉर्साकरांत एकमत नाही, हेही बाईंनी लपवले नाही. पुढे क्रासिन्स्की चौकात रस्त्यातले एक झाकण त्यांनी दाखवले. जुन्या शहराचा पाडाव होत असताना सप्टेंबरच्या सुरुवातीला सुमारे पाच हजार लोक या चौकातून भुयारी गटारांत उतरले आणि कित्येक तास कमरेत वाकून, अंधारात, एकमेकांचा पदर धरून शहराच्या मध्यभागी पोचले. ज्या जखमींना उतरणे शक्य नव्हते ते मागे राहिले, आणि त्यांतल्या अनेकांना ठार मारण्यात आले.

त्यानंतर मुरानूव्ह भाग लागतो. तिथे जाताना रस्त्याच्या फरशीत लोखंडी पट्टी दिसते. तिच्यावर "घेट्टोची भिंत" हे शब्द आणि 1940 व 1943 ही वर्षे आहेत. या भिंतीच्या आत, सुमारे तीन चौरस किलोमीटरांत, चार लाखांहून अधिक ज्यू माणसे कोंडली होती. 22 जुलै 1942 पासून त्यांना रोज हजारोंच्या संख्येने त्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत नेण्यात आले. मुरानूव्हमध्ये जुने जवळजवळ काहीच पुन्हा बांधलेले नाही. राडारोडा इतका होता की तो हलवणे अवघड झाले, तेव्हा वास्तुशास्त्रज्ञ बोहदान लाखेर्त याने त्याचाच चुरा करून ठोकळे पाडले आणि त्याच ढिगांवर नवी घरे उभारली. म्हणून तिथल्या इमारती रस्त्यापेक्षा उंचावर आहेत आणि दारापाशी जायला पायऱ्या चढाव्या लागतात. आम्ही त्या पायऱ्या चढलो, तेव्हा पायाखाली काय आहे हे बाईंनी एकाच वाक्यात सांगितले आणि त्या काही वेळ गप्प उभ्या राहिल्या.

घेट्टोच्या स्मारकासमोर त्यांनी यानुश कोर्चाक या डॉक्टरविषयी सांगितले. त्याच्या अनाथाश्रमातल्या मुलांनी 18 जुलै 1942 रोजी, घेट्टोतच, रवींद्रनाथ ठाकुरांचे "डाकघर" सादर केले होते. आजारी अमल खिडकीशी बसून राजाच्या पत्राची वाट पाहतो, ते नाटक. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात सुमारे दोनशे मुलांना नेण्यात आले आणि कोर्चाक त्यांच्याबरोबर गेला. मी भारतातून आले आहे हे बाईंना ठाऊक होते, तरी हे सांगताना त्यांनी माझ्याकडे पाहिले नाही, सगळ्यांकडे पाहून सांगितले. मला ते योग्य वाटले.

फेरी तिथे संपली. पण वाटेत, क्रासिन्स्की बागेपलीकडे, पोलिश सेनानी जनरल आंदेर्स यांच्या नावाच्या रस्त्यावर इटलीतल्या मोन्ते कासिनोच्या लढाईचे स्मारक आम्ही लांबून पाहिले होते, आणि त्याच परिसरात कोल्हापूरच्या नावाची स्मृतिशिला आहे हे मी घरून वाचून गेले होते. मी बाईंना विनंती केली आणि त्या माझ्याबरोबर मागे आल्या. 1940 मध्ये सोव्हिएत राजवटीने पूर्व पोलंडमधून सायबेरियात हाकललेल्या कुटुंबांपैकी पुरुष पुढे आंदेर्स यांच्या सैन्यात भरती होऊन इटलीत लढले, आणि इराणमार्गे निघालेल्या बायका-मुलांपैकी सुमारे पाच हजार जण 1943 ते 1948 या काळात कोल्हापूरजवळच्या वळिवड्याच्या छावणीत राहिले. शाळा, चर्च, नाट्यगृह, सगळे तिथे होते. त्याच इटलीच्या मोहिमेत माणगावजवळचे नाईक यशवंत घाडगे 10 जुलै 1944 रोजी धारातीर्थी पडले, म्हणजे वळिवड्यातल्या मुलांचे वडील आणि आपल्या मराठा पलटणीतले जवान एकाच आघाडीवर होते. युद्ध संपल्यावर त्या मुलांना परत जायला घरच उरले नव्हते, कारण त्यांची गावे आता सोव्हिएत हद्दीत होती. बरीच कुटुंबे इंग्लंड, कॅनडा, ऑस्ट्रेलियाकडे पांगली. पोलंडमध्ये साम्यवादी राजवट असेपर्यंत सायबेरियाचा विषय उघडपणे काढता येत नसे, म्हणूनच हे दगड इतके उशिरा बसले.

बाईंना एवढे सगळे माहीत होते. पोलिश लोक गेल्यावर वळिवड्याच्या त्या घरांचे काय झाले, हे मात्र त्यांना माहीत नव्हते. फाळणीनंतर सिंधमधून आलेली निर्वासित कुटुंबे तिथे राहायला आली, त्या वसाहतीला आज गांधीनगर म्हणतात आणि तिथली कापडबाजारपेठ साऱ्या दक्षिण महाराष्ट्राला ठाऊक आहे, असे मी सांगितले. कोल्हापूरच्या ख्रिस्ती दफनभूमीत पोलिश थडगी आहेत, हेही सांगितले. त्यांनी फाइल मिटली, पिशवीतून वही काढली आणि मला "वळिवडे" मधल्या "ळ" चा उच्चार पुन्हा करायला लावला. तीन-चारदा म्हणून पाहिल्यावर तो त्यांना जमला. मग दुसऱ्या दिवशीच्या फेरीसाठी त्यांनी ते सगळे त्या दगडाशेजारी उभ्यानेच लिहून घेतले.